नाना गुरुजींचा दर्या

ही गोष्ट मी आजवर कुणालाच सांगितलेली नाही. मैत्रिणींना नाही, भावाला नाही. डायरीत लिहायला दोनदा बसले होते, पण दोन्ही वेळा पान फाडून टाकलं — न जाणो, कुणी वाचलं तर? आता तुम्हाला सांगतेय, कारण माझ्या आईला ती लवकरच कळणार आहे. आणि तिला कळायच्या आधी ती मी स्वतःच्या हाताने लिहिलेली असावी, एवढंच मला वाटतं.

तसं पाहिलं तर मी सुखात आहे. बदलापूरला आमच्या दोन खोल्या आहेत, मी एका शाळेच्या ऑफिसात कामाला जाते आणि नोकरी सांभाळून एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. आई माझ्याजवळ असते. दुपारी ती समाजमंदिरातल्या साक्षरता वर्गाला जाते, येताना भाजी घेऊन येते आणि त्या दिवशी शिकलेलं जोडाक्षर मला दारातूनच ओरडून सांगते. अशा घरात बसून मी हे लिहितेय. म्हणजे दुःखाने लिहितेय असं नाही. पण एक खडा आहे चपलेत, दहा वर्षांपासूनचा.

तेव्हा आम्ही अंबरनाथला राहायचो, शिवमंदिराच्या पलीकडे, एका खोलीत. आमच्या अख्ख्या नात्यात दहावीच्या पुढे गेलेली मीच पहिली. आईचं माहेर खाडीकाठचं, मिठागरातलं. लग्नाआधी ती मीठ ओढायची, लग्नानंतर पापड लाटायला लागली. उल्हासनगरला कॅम्प दोनमध्ये एका सिंधी बाईच्या बरॅकच्या पडवीत दहा-बारा बायका पोळपाट घेऊन बसायच्या, त्यात माझी आई. त्या सिंधी बाईला सगळे दादी म्हणायचे. मला आधी वाटायचं, ही माझ्या आजीच्या वयाची खरी, पण आईही हिला दादी कशी म्हणते? पुढे कळलं की सिंधीत दादी म्हणजे मोठी बहीण. मला अशा गोष्टींची तेव्हापासूनच गोडी. एकच शब्द, आणि दुसऱ्याच्या घरात गेला की त्याचं नातंच बदलतं — गंमत नाही का?

एफ.वाय.ला आम्हाला मराठी शिकवणाऱ्या सरांनी एक काम दिलं. प्रत्येकाने एक शब्द निवडायचा, चार वेगवेगळ्या घरांत जाऊन विचारायचं की तुमच्याकडे याला काय म्हणतात, काय समजतात, आणि त्यावर निबंध लिहायचा. सांगणाऱ्याचं नाव लिहायचं, हे सरांनी दोनदा सांगितलं होतं. दोनदा. ते मला आजही ऐकू येतं.

शब्द मला शोधावाच लागला नाही. तो दादीच्या पडवीतच पडलेला होता. दादी सणावाराला शहाडजवळ उल्हास नदीवर जायची, पाण्यात साखर-तांदूळ सोडायची, आणि परत आली की म्हणायची, "दर्याह को मिल के आई." आईला ते कधीच पटायचं नाही.

"दादी, ती नदी हाय. दर्या नाय."

"अच्छा? अब बारकू मेरे को दर्याह सिखाएगी!"

"मग? मी दर्यावरची हाय. गोड्या पान्याचा दर्या कंदी कुनी बगला काय?"

"हमारा तो मीठा ही था, बाबा. उधर सिंध में इतना बड़ा, सामने का किनारा नहीं दिखता था. तेरा दर्याह नमक वाला, तो उसमें मेरा क्या कसूर?"

बाकीच्या बायका हसायच्या, लाटणी थांबायची, मग दादीच ओरडायची, "ए चलो, हाथ चलाओ, धूप जा रही है!" अशी भांडणं किती वेळा झाली असतील कोण जाणे. दोघीही हरायच्या नाहीत.

मी दादीला विचारलं. ती म्हणाली, दर्याह म्हणजे जो मागे राहिला. आपण निघालो, तो येऊ शकला नाही, म्हणून इथे जे वाहतं पाणी दिसेल त्याच्यातच त्याला भेटायचं. कॅम्पातल्या उर्दू बोलणाऱ्या शिंपीकाकांना विचारलं. ते म्हणाले, दरिया म्हणजे नदीच, आणि मोठ्या मनाच्या माणसालाही आम्ही दरियादिल म्हणतो. सरांनी सांगितलं की शब्द मुळात फारसीतला. तीन घरं झाली. चौथं घर?

चौथं माझंच होतं. रविवारची सकाळ होती, आई दारात सुकट निवडत बसली होती. मी वही घेऊन तिच्यासमोर बसले आणि विचारलं, "आई, दर्या म्हणजे काय?" तिला वाटलं मी चेष्टा करतेय. मग वही पाहून ती गंभीर झाली. थोडा वेळ सुकटीतले खडे काढत राहिली. आणि मग म्हणाली —

"येतं त्या पान्याला दर्या नाय बोलत गो. येतं तर पावसाचं पन पानी. जातं तो दर्या. जाताना मीठ ठेवून जातो, म्हून आपल्याला कलतं, तो येऊन गेला."

मी ते जसंच्या तसं लिहून घेतलं. माझ्या अंगावर काटा आला होता, हे खरं. त्या एका वाक्यावर माझा निबंध उभा राहिला, हेही खरं.

आता इथे मी नेहमी थांबते. मनातल्या मनात हे कितीतरी वेळा सांगून पाहिलंय, दर वेळी इथेच अडखळते. पण सांगायचंच आहे ना?

निबंध पक्का लिहायला बसले तेव्हा दादीचं नाव मी लिहिलं. ती कुठून आली, कुठे राहते, सगळं. शिंपीकाकांचंही लिहिलं. परक्या माणसांची नावं लिहिताना पेन कुठे अडलं नाही — उलट छान वाटत होतं, मी किती लोकांत फिरले म्हणून. आईच्या वाक्यापाशी आले आणि लिहिलं, 'खाडीकाठच्या एका निवृत्त मुख्याध्यापकांनी मला सांगितले'. तिचे सगळे 'न' पुसून 'ण' केले. 'कलतं'चं 'कळते' केलं. वाक्य धुऊन, इस्त्री करून त्या मुख्याध्यापकांच्या अंगात घातलं. असे कुणी मुख्याध्यापक नव्हतेच.

माझ्या वर्गात डोंबिवलीच्या, कल्याणच्या मुली होत्या. कुणाची आई शिक्षिका, कुणाची बँकेत. माझी आई पापड लाटते, सही म्हणून अंगठा लावते, 'पानी' म्हणते — हे त्यांना कळू नये असं मला वाटलं. बस, एवढंच. कुणी मला काही म्हटलं नव्हतं. कुणी कधी हसलंही नव्हतं.

निबंधाला पहिलं बक्षीस मिळालं. कॉलेजच्या वार्षिक अंकात तो छापून आला. स्नेहसंमेलनाला सरांनी स्टेजवरून त्यातला एक भाग वाचायचं ठरवलं, आणि आईला त्या दिवशी यायचंच होतं. तिने दादीकडून सुट्टी घेतली. लग्नातली हिरवी साडी नेसून ती मागच्या रांगेत खुर्चीच्या अगदी टोकावर बसली, जणू कुणी येऊन उठवेल. सरांचा आवाज भारदस्त. त्यांनी वाचलं — 'खाडीकाठचे एक निवृत्त मुख्याध्यापक म्हणतात, येणाऱ्या पाण्याला दर्या म्हणत नाहीत...' आणि मग टाळ्या वाजल्या. मी मान वळवून मागे पाहिलं. आईसुद्धा टाळ्या वाजवत होती.

मला वाटलं, संपलं. आता ही रस्त्यात विचारणार. तिने विचारलंही. बसस्टॉपवर माझं बक्षिसाचं पाकीट छातीशी धरून म्हणाली, "त्ये मास्तर आपल्याकडलेच का गो?"

"कोण?"

"त्येच, दर्याचा बोल्ले त्ये. मी बोल्ली तसाच बोल्लेत बग! शिकलेला मानूस, आनी माज्यासारखाच बोलला." तिचा चेहरा — कसं सांगू? मी तिला इतकं खूश फार कमी वेळा पाहिलंय. "त्यांचा नाव काय?"

तेव्हा सांगता आलं असतं. नक्कीच आलं असतं, नाही? बस यायची होती, वेळ होता. पण मी म्हणाले, "नाना गुरुजी."

असे नाना गुरुजी जन्माला आले. आणि मग वाढतच गेले. आईने दुसऱ्या दिवशी पडवीत सगळ्यांना सांगितलं, की एक मोठे हेडमास्तर आहेत आणि दर्याचा अर्थ ते अगदी तिच्यासारखाच लावतात. "आता बोल दादी, कोन जिंकला?" दादी हसली, म्हणाली, "हेडमास्टर तेरी साइड में है, तो मैं क्या बोलूँ." पण बोलताना तिने आईकडे नाही, माझ्याकडे पाहिलं. मग पोळपाट पुसायला घेतला. तिला मराठी वाचता येत नव्हतं. तरीही ती मला त्यानंतर कधी 'पढ़ी-लिखी' म्हणाली नाही. आधी नेहमी म्हणायची.

त्यानंतरच्या दिवाळीला आईने काळ्या मिऱ्याचे पंचवीस पापड वेगळे काढले. तिने स्वतः लाटलेले, एकसारखे, चंद्रासारखे गोल, पातळ. जुन्या पातळाच्या फडक्यात बांधून माझ्या हातात दिले. "गुरुजींना दे. सांग, मिठागरातल्या पोरीने दिलेत." मी ते कॉलेजात नेले. कँटीनमधल्या मावशींकडून भाजून घेतले आणि मैत्रिणींना वाटले. एकीने विचारलं, "काय सुंदर आहेत गं, कुठून आणलेस?" मी म्हटलं, "दुकानातून."

बघा, इथेही मी तिचं नाव खाल्लं. पापडासकट.

पुढच्या दिवाळीलाही पुडी आली. घरी येऊन मला सांगावं लागायचं, गुरुजींना आवडले का, काय म्हणाले, तब्येत कशी आहे. मी सांगायचे. त्यांना गुडघेदुखी आहे असं एकदा मी म्हटलं, तर आईने निर्गुडीचा पाला सुकवून दिला. शेवटच्या वर्षी मी ती पुडी घेऊन कॉलेजमागच्या बाकावर एकटी बसले आणि पापड कच्चेच मोडून खात राहिले. मिऱ्यांनी तोंड जळत होतं. मला वाटत होतं की ही शिक्षा आहे. पण शिक्षा कसली? पापड चांगलेच होते.

बी.ए. झाल्यावर मी गुरुजींना मारून टाकलं. आईला सांगितलं, ते गेले. दुसरा उपाय सुचला नाही. आईने त्या दिवशी पापड लाटले नाहीत. पडवीत न जाता घरीच बसून राहिली, आणि म्हणाली, "एकदा भेटायला पायजे होता. पन बोललेला तरी रायला." मी मान खाली घालून बटाटे सोलत होते. तिला वाटलं मी रडतेय, तर तिने माझ्या पाठीवर हात ठेवला. खोट्या माणसाच्या मरणाचं खरं सांत्वन घेतलंय मी, तिच्याकडून.

मध्ये वर्षं गेली. दादी वारली. आम्ही बदलापूरला आलो. साक्षरता वर्ग सुरू झाला तेव्हा आईला मीच नेऊन बसवलं. सगळ्यांत आधी ती स्वतःचं नाव लिहायला शिकली — बारकूबाई. रेशनकार्डावर, लाइट बिलामागे, धुक्याने भिजलेल्या काचेवर, सगळीकडे लिहिलं. आता ते नाव ती लांबूनही ओळखते. आणि गेल्या महिन्यात, वाक्यं वाचता यायला लागल्यावर तिने मला सांगितलं की ट्रंकेतलं कॉलेजचं पुस्तक काढून दे. "गुरुजींचा बोलना मना माज्या डोल्यांनी वाचायचाय."

मी अंक काढून दिला नाही. म्हणजे लगेच दिला नाही, दोन दिवस शोधायचं नाटक केलं. त्या दोन दिवसांत एकदा, ती वर्गाला गेली असताना, तेविसावं पान उघडलं. निळ्या पेनने 'खाडीकाठच्या एका निवृत्त मुख्याध्यापकांनी' या शब्दांवर रेघ मारली आणि वर मोठ्या अक्षरांत, तिला वाचता येईल असं लिहिलं, 'माझी आई बारकूबाई हिने'. समासात तिचं वाक्यही लिहिलं, तिच्याच बोलीत. मग अंक तिच्या हातात दिला. तोंडाने सांगायची हिंमत अजूनही झाली नाही. हेही त्याच चुकीत धरा.

मला वाटलं होतं, ती सरळ निबंधाचं पान काढायला सांगेल. पण नाही. पुस्तक पहिल्यापासून वाचायचं असतं, असं तिचं म्हणणं. प्राचार्यांचं मनोगत वाचायला तिला अकरा दिवस लागले. मी म्हटलं, हे सोडून दे, तर म्हणाली, "मोठ्या मानसाला सोडून फुडं कसा जायाचा?" मग संपादकीय. मग वृक्षारोपणाचा अहवाल.

आज संध्याकाळी ती दारात बसून कबड्डीच्या संघाची नावं वाचत होती. बोट खाली, ओठ हलत होते. राखीव खेळाडूंपाशी आल्यावर मी म्हटलं, "आई, ही राहू दे, ही खेळलीच नव्हती."

"असू दे ना. नाव छापलंय ना तिचं?" आई म्हणाली, आणि तेही नाव वाचलं.

सतरावं पान झालं. अजून सहा आहेत.