गणपतीची पंगत आणि ओककाकांची बँक

संदीप पोतदार गेल्याची बातमी मला मराठी मंडळाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कळली. शनिवारची सकाळ होती, मी ओकट्री रोडवरच्या दुकानात मेथी निवडत होते आणि फोन थरथरायला लागला. आधी नुसते जोडलेले हात येत राहिले, कोण गेलं तेच कळेना. मग कुणीतरी नाव लिहिलं. आणि त्याच्याखाली लगेच एका सद्‌गृहस्थांनी लिहिलं, 'देवाच्या रांगेत आपल्या संदीपचा नंबर फार लवकर लागला.' मी मेथी तिथेच टाकली आणि गाडीत जाऊन बसले. रडू यायला हवं होतं, पण आला तो संताप. मुलगी डायपरमध्ये असताना हा माणूस ग्रीन कार्डाच्या रांगेत उभा राहिला. ती ड्रायव्हिंग शिकायला लागली तरी तिथेच होता, आणि तिथेच मेला. मेल्यावर तरी त्याला रांगेतून बाहेर काढायचं होतं... तर लोकांनी त्याला दुसऱ्या रांगेत नेऊन उभं केलं. आता महिना उलटून गेला, पण माझा राग उतरलेला नाही. तो उतरायची वाट बघत बसले तर हे लिहूनच व्हायचं नाही, म्हणून आहे तसं लिहिते आहे.

मी नागपूरची, संदीप सोलापूरचा. इथे एडिसन शहरात आम्ही एकाच कंपनीत, शेजारशेजारच्या क्युबिकलमध्ये बसायचो. मी लग्नामुळे नागरिक झाले, त्यामुळे व्हिसाची टांगती तलवार माझ्या डोक्यावर कधी नव्हतीच. तो मात्र तिच्याखालीच जेवायचा, झोपायचा आणि विनोद करायचा. त्याची पहिली आठवण एका मीटिंगमधली आहे. आमचा मॅनेजर गहिवरून सांगत होता की कंपनी म्हणजे एक कुटुंब आहे. सगळे माना डोलवत होते. संदीप म्हणाला, "छान आहे. आता माझं उदाहरण घ्या. आमच्याकडे लग्नाचे हॉल असतात. सकाळी दारात अत्तर लावतात, 'या, बसा, जेवून जा' म्हणतात. दुपार झाली की पंखे बंद करतात, कारण संध्याकाळच्या लग्नाचा बँड दारात आलेला असतो. तुम्हाला कुटुंब दिसतं, मला हॉल दिसतो. दोन्हीकडे माणसं प्रेमानेच वागतात हो." मॅनेजर हसला. पुढच्याच वर्षीच्या नोकरकपातीत त्याचा स्वतःचा पंखा बंद झाला.

'आता माझं उदाहरण घ्या' हे त्याचं पालुपद होतं. कुणी वादात तुलना आणली की तो ती कधी खोडून काढायचा नाही. एकदा लंचला मी त्याला विचारलं, "सरळ 'हे तसं नाही' असं म्हणून मोकळा का होत नाहीस?" तर म्हणाला, "यार, 'तसं नाही' म्हटलं की समोरचा आणखी घट्ट धरून बसतो. उपमा एकदा डोक्यात बसली की माणूस विचार करायचं बंद करतो, सगळं काम तीच करते. म्हणून तिच्या शेजारी दुसरी आणून बसवायची. तेवढीच खरी वाटणारी, पण उलट्या तोंडाची. दोघी भांडायला लागल्या की ऐकणाऱ्याला नाइलाजाने मूळ गोष्टीकडे बघावं लागतं." घरीही त्याचं हेच चालायचं. संसार म्हणजे दोन चाकांचा रथ, असं केतकी, त्याची बायको, एकदा सहज बोलून गेली. हा म्हणाला, "दोन चाकं जन्मभर एकमेकांपासून तेवढ्याच अंतरावर राहतात, चालेल का तुला?" केतकी म्हणाली, "तू बोलायला लागलास की चालेल." मी इतकी हसले की चहा सांडला.

हे सगळं गमतीत चाललं होतं, पण त्याच्या वडिलांच्या वेळी गंमत संपली. सोलापूरला वडील आयसीयूत होते आणि याच्या पासपोर्टवरच्या व्हिसाच्या शिक्क्याची मुदत संपली होती. गेला असता तर परत येण्यासाठी नवा शिक्का लागणार, त्याची अपॉइंटमेंट कधी मिळेल ते कुणी सांगेना. परत येता आलं नाही तर नोकरी जाणार, आणि नोकरीवर केतकी आणि तन्वी या दोघींचं इथलं राहणं टांगलेलं. तो गेला नाही. भावाने स्मशानात धरलेल्या फोनवर त्याने वडिलांना बघितलं. फोन मध्येच गोठला, आणि नेट परत आलं तेव्हा चितेने पेट घेतला होता. हे त्याने मला ऑफिसच्या पार्किंगमध्ये सांगितलं, गाडीच्या टपावर दोन्ही हात ठेवून, एकही उदाहरण न देता.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी आमच्याकडे कोजागिरी होती. डॉ. ओक आले होते. ओककाका इथे येणाऱ्या पहिल्या मराठी डॉक्टरांपैकी, आता निवृत्त. आमच्या मंडळाचे ते आधारस्तंभ, आणि त्यांनी अनेकांना केलेली मदत मी नाकारणार नाही. पण दुधाचा पेला हातात घेऊन ते म्हणाले, "अरे, आम्हीही रांगेतूनच आलो. बँकेत नाही का आपण उभे राहत? रांग ही रांग असते. धीर धरावा, नंबर येतो." संदीप त्या दिवशी गप्प राहिला. मला वाटलं, वडीलधाऱ्यांचा मान राखला. तसं काही नव्हतं, तो तयारी करत होता.

पुढच्या गणपतीत जेवणाची व्यवस्था त्याच्याकडे होती. एका शाळेचं कॅफेटेरिया भाड्याने घेतलं होतं. आरती झाली, लोक ताटल्यांकडे वळले आणि बघतात तर भिंतीवर ओळीने अक्षरं चिकटवलेली. अ, आ, ओ, क, ग, ज, ठ, प... हातात डाव घेऊन संदीपने जाहीर केलं, "यंदा सगळ्यांना समान न्याय. आपापल्या आडनावाच्या अक्षराखाली उभं राहायचं. प्रत्येक अक्षराला एका वेळी दोन ताटं, मग पुढचं अक्षर." लोक हसत हसत उभे राहिले. ओ खाली फक्त ओककाका आणि काकू होते. ठ खाली एक नवं ठाकूर जोडपं. आणि प खाली पाटील, पवार, परांजपे, पेंडसे, पंडित, त्यांची पोरं, इंडियाहून आलेले आईवडील, अशी रांग जी लागली ती थेट जिमच्या दारापर्यंत गेली. क वाल्यांचीही तीच गत. ओककाकांचं जेवण झालं, जिलबी दुसऱ्यांदा झाली, ताक झालं, तेव्हा प मधले पाटील नुकते मसालेभातापाशी पोचले होते. पेंडसेंची पोरं रडायला लागली. "मॉम, व्हाय आर वी स्टिल हिअर?" काही हुशार बायका माहेरचं आडनाव सांगून ठ खाली पळाल्या, तर संदीप आनंदाने ओरडला, "चालतंय! ग्रीन कार्डाच्या रांगेतही नवरा-बायकोपैकी एकाचा जन्म दुसऱ्या देशातला असला की त्या देशाच्या रांगेत जाता येतं!" तेव्हा कुठे लोकांच्या डोक्यात प्रकाश पडला. ग्रीन कार्डं प्रत्येक देशाला ठरावीकच मिळतात, देश छोटा असो की मोठा. भारताचे अर्ज अतोनात, म्हणून आमचं अख्खं राष्ट्र प मध्ये उभं आहे.

ओककाका लालबुंद झाले होते. "संदीप, हा काय पोरखेळ लावलायस? म्हातारी माणसं उपाशी आहेत!"

"काका, कुणावर अन्याय झालाय का? प्रत्येक अक्षराला सारखीच ताटं. तुम्ही बँकेचं उदाहरण दिलंत, मी पंगतीचं दिलं."

"देश म्हणजे पंगत नव्हे!"

"अगदी बरोबर," संदीपने डाव खाली ठेवला. "आणि बँकही नव्हे. तुमची बँक बाजूला ठेवा, मी माझी पंगत उठवतो. आता फक्त माझ्याकडे बघा, काका. बापाला अग्नी द्यायला जाता आलं नाही मला. मी मेलो तर केतकी आणि तन्वी कुठे जातील? एवढंच सांगा."

ओककाकूंनी हातातलं ताट टेबलावर ठेवलं आणि प च्या रांगेत सगळ्यात शेवटी जाऊन उभ्या राहिल्या. काका मात्र कोट घेऊन निघून गेले. पुढच्या बैठकीत मंडळाने एकमताने ठराव करून संदीपला जेवणाच्या समितीतून काढलं. कारण काय दिलं, तर मसालेभात गार झाला. इतक्या वर्षांत मंडळाने एवढ्या तत्परतेने दुसरा कुठलाही ठराव केल्याचं मला आठवत नाही.

आता रागाचा थोडा वाटा संदीपलाही देते, तो सुटता कामा नये. तो गेला त्याच्या आदल्या आठवड्यापासून त्याच्या छातीत कळ येत होती. केतकी डॉक्टरकडे चल म्हणत होती. हा म्हणाला, ॲसिडिटी आहे, नवं सॉफ्टवेअर रिलीज होऊ दे मग बघू. अरे गाढवा, जगातल्या प्रत्येकाच्या बोलण्याची उलटी बाजू दिसायची तुला, आणि स्वतःच्या छातीतली कळ मात्र 'ॲसिडिटी' या पहिल्या सुचलेल्या नावावर सोडून दिलीस? शुक्रवारी रिलीज झाली. शनिवारी सकाळी तो घरासमोरचा बर्फ उपसायला म्हणून बाहेर पडला, आणि फावडं हातात घेऊनच कोसळला.

मंगळवारी मी केतकीबरोबर वकिलाकडे गेले. तो सज्जन माणूस होता. म्हणाला, संदीपचा अर्ज कदाचित जिवंत ठेवता येईल, तशी तरतूद आहे. पण नंबर येईपर्यंत इथे राहायची दोघींची परवानगी संदीपच्या व्हिसावर होती, आणि तो गेला तशी तीही गेली. केतकीचं नोकरीचं परमिटही त्याच्यातच आलं. मी विचारलं, "दुसरा काहीच मार्ग नाही?" तो म्हणाला, काही महिन्यांसाठी टुरिस्ट म्हणून राहायचा अर्ज करता येईल. टुरिस्ट! ज्या घरात तन्वीचे दुधाचे दात पडले, त्या घरात तिने टुरिस्ट म्हणून राहायचं. म्हणजे अर्ज जगतो, त्यावर नाव असलेला माणूस मरतो, आणि ज्यांच्यासाठी अर्ज केला त्यांनी बॅगा भरायच्या. हे कुठल्या डोक्यातून निघालं असेल? मी शिव्या दिल्या, मराठीतून आणि खास नागपुरी. वकिलाने पाण्याचा ग्लास पुढे केला.

शोकसभा त्याच कॅफेटेरियात झाली. एक एक जण उठून बोलला. संदीप दीप होता, संदीप वटवृक्ष होता, संदीप उडून गेलेला पक्षी होता... पहिल्या रांगेत बसून मी मुठी आवळत होते, कारण यातल्या प्रत्येकाला 'आता माझं उदाहरण घ्या' म्हणणारा एकच माणूस होता आणि त्याचा फोटो हार घालून टेबलावर ठेवला होता. शेवटी ओककाका उठले. थकलेले दिसत होते. त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं, हे मी मान्य करते, आणि त्याचाच मला जास्त राग येतो. ते म्हणाले, "केतकी, बेटा, घाबरू नकोस. भारत म्हणजे माहेर गं आपलं. लेकीला माहेरी जायची कसली आलीये भीती?"

लोकांनी डोळे पुसले. केतकी बोलेल असं कुणालाच वाटलं नव्हतं, ती चारचौघांत बोलणारी बाई नव्हे. पण ती उठली.

"काका, माहेरी गेलेली बाई वाटेल तेव्हा आपल्या घरी परत येते. तिला कुणाची परवानगी लागत नाही. मला लागेल, आणि ती मिळणार नाही." तिने तन्वीच्या खांद्यावर हात ठेवला. "बरं, माहेर तर माहेर. पण मग तन्वीचं माहेर कुठलं? तिकडे ती नुसती जन्मली, पण चालायला इथे शिकली, वाचायला इथे शिकली. तिचं माहेर हे आहे, काका. तिला तिच्या माहेरातून हाकलताहेत."

तन्वी खाली बघत म्हणाली, "मॉम, इट्स ओके." आईला बसवून तिने तिचा हात दोन्ही हातांत धरला. सभा तिथेच संपली, कारण त्यानंतर कुणालाच माईक नको होता.

गेल्या रविवारी आम्ही काही जण त्यांच्या घरी बांधाबांध करायला गेलो. ओककाका आणि काकूही डबे घेऊन आले. काकांनी विचारलं, मी काय करू, म्हणून केतकीने त्यांना आणि मला गॅरेजमध्ये पाठवलं. दार वर गेलं आणि आम्ही बघत राहिलो. मागच्या अख्ख्या भिंतीला छतापर्यंत रिकामी खोकी लावलेली होती. टीव्हीचं, मायक्रोवेव्हचं, व्हॅक्यूमचं, टेबललँपचं, तन्वीच्या पहिल्या कीबोर्डचं. घरात आलेल्या प्रत्येक वस्तूचं खोकं संदीपने जपून ठेवलं होतं. आतलं थर्मोकोल, प्लास्टिकच्या पिशव्या, वायरी बांधायच्या तारा, सगळं जिथल्या तिथे.

"एवढा पसारा कशाला ठेवला याने?" काका म्हणाले. "फेकून का नाही दिला?"

केतकी दारात उभी होती. "मी रोज भांडायचे त्यावरून. तो म्हणायचा, राहू दे, आपल्याला कधी निघायला सांगतील काय माहीत."

काकांनी हात पुढे करून टीव्हीचं खोकं चाचपलं. बँकेत उभा असलेला माणूस असली खोकी जपत नाही, हे त्यांना मी सांगायची गरज नव्हती. तन्वी घरातून कीबोर्ड घेऊन आली. काकांनी खाली बसून त्याचं खोकं ओढलं, त्यावरची धूळ रुमालाने पुसली, कीबोर्ड आत ठेवला आणि दोन्ही टोकांना थर्मोकोल लावलं. इतक्या वर्षांनंतरही ते अगदी बरोबर बसलं.