पत्रूभाऊची एन्ट्री

आमच्या नाटक कंपनीत पत्रूभाऊ वीस वर्षं नायक होता आणि मी वीस वर्षं त्याच्या एन्ट्रीला पेटी वाजवली. त्यामुळे त्याच्या चालण्याबद्दल बोलायचा हक्क, त्याची बायको वच्छलाबाई सोडली तर, माझाच. दिवाळीनंतर गावोगाव मंडई, म्हणजे जत्रा, भरते त्या दिवसांत आमच्या झाडीपट्टीत नाटकाला माणसं तुटून पडतात, आणि पत्रूभाऊ मंचावर आला की निम्म्या टाळ्या नुसत्या चालण्याला पडायच्या. एरवी हा माणूस धानाच्या बांधीत चिखल तुडवणारा, पण चार लोक बघताहेत म्हटलं की छाती पुढे, मान वर. पानठेल्यावर खर्रा घ्यायलासुद्धा तो राजासारखा जातो. मला या सवयीचा भारी वैताग.

तीन वर्षांपूर्वी वडशाजवळ एका ट्रकने त्याच्या मोटारसायकलला मागून उडवलं. उजव्या गुडघ्याचा चुराडा झाला. दावा लावला, भरपाईही मंजूर झाली, पण निकालात त्याला मजूर धरलं आणि अधूपण किरकोळ ठरवलं. तेवढ्या पैशात गुडघा बदलणं बसत नव्हतं, आणि गुडघा बदलल्याशिवाय मंच नाही. दोन हंगाम तो कंपनीच्या ऑफिसात बसून गावोगावच्या तारखा लिहून घेत होता आणि नायक दुसराच होता. त्या दुसऱ्याच्या एन्ट्रीला पेटी वाजवताना माझं मन लागायचं नाही, हे कबूल करतो.

मग अपील केलं. वकील माधवीताई. नागपूरला लोकअदालतीत तडजोडीची तारीख लागली. आदल्या दिवशी ताईंनी फोनवर बजावलं, "पत्रूभाऊ, तिथे जसं जमतं तसंच चाला. नाटक करू नका."

"मी काऊन नाटक करू, ताई? मी त खराच लंगडा आहो."

लिफ्टने वर गेलो. हॉलमध्ये खुर्च्यांच्या रांगा, पार समोर टेबलामागे निवृत्त न्यायाधीश बाई, बाजूला विमा कंपनीचे साहेब. पुकारा झाला आणि सगळी डोकी एकदम दाराकडे वळली. मी मनात म्हटलं, मेलो.

पत्रूभाऊने काठी माझ्या हातात कोंबली, छाती पुढे काढली आणि त्या रांगांमधून असा चालत गेला की माझी बोटं आपोआप हलायला लागली. वीस पावलं, पण कुठे लचक नाही. टेबलापाशी जाऊन वर ऐटीत नमस्कार.

विम्याचे साहेब हसले. "मॅडम, हे तर माझ्यापेक्षा चांगले चालतात."

माधवीताईंनी कपाळाला हात लावला. बाईंनी डॉक्टरांचे कागद चाळले, पत्रूभाऊकडे पाहिलं, पुन्हा कागद चाळले आणि जेवणाच्या सुट्टीनंतर यायला सांगितलं.

बाहेर आल्याबरोबर मी त्याला झाडला. "भाऊ, तुले अक्कल हाये का नाई? वीस पावलांत ऑपरेशन घालवलं ना!"

"लोकं पाहून राह्यले होते रे," तो म्हणाला. त्याचे ओठ पांढरे पडले होते, सदरा घामाने चिंब. लिफ्टपाशी गर्दी होती. गर्दीसमोर काठी टेकायची नाही म्हणून स्वारी मागच्या जिन्याकडे वळली. तिथे कोणी नव्हतं. पहिल्या पायरीवर तो बसला, दोन्ही हातांनी उजवा पाय उचलून खालच्या पायरीवर ठेवला आणि मग स्वतः सरकला. लेकरू उतरतं तसा एकेक पायरी उतरत होता आणि दर पायरीला "माय वो" म्हणत होता. मी काठी आणि त्याच्या चपला घेऊन मागे. मला रडू येत होतं आणि त्याचा रागही येत होता.

तेवढ्यात वरून कोणी खाली आलं. न्यायाधीश बाईच होत्या. आम्हाला पाहून थांबल्या. पत्रूभाऊ उठायला धडपडला, पण जमलं नाही.

"बाई," तो खाली बघत म्हणाला, "नटाले विंगेत पाहू नये."

"मी एकटीने पाहून उपयोग नाही," बाई शांतपणे म्हणाल्या. "तडजोड आहे, त्या साहेबांनाही पटलं पाहिजे. दुपारी तुम्ही जसे आहात तसे या."

वच्छलाबाईंनी बांधून दिलेल्या भाकरीला त्याने हात लावला नाही. दोघांचं मीच खाल्लं.

सुट्टीनंतर पुकारा झाला, डोकी पुन्हा वळली. पत्रूभाऊ दारात इतका वेळ उभा राहिला की शिपायाने दुसऱ्यांदा हाक मारली. मग त्याने हात पुढे केला. मी काठी दिली.

"खांदाबी दे," तो म्हणाला.

त्या वीस पावलांत तो दोनदा थांबला, खुर्च्यांच्या पाठी धरल्या, एकदा कण्हला. विम्याच्या साहेबांनी उठून त्याला स्वतःची खुर्ची दिली आणि मग पहिल्यापासून सगळे कागद वाचायला घेतले. तासाभरात आकडा ठरला. ऑपरेशन होऊन वर थोडं उरेल इतका, आणि कलाकाराची कमाई धरून. पत्रूभाऊने सही केली, पण मान वर केली नाही.

परतीच्या बसमध्ये बसलो. मग प्रत्येक प्रयोगानंतर विचारायचा तसं त्याने विचारलं, "कसा चाललो रे?"

"लय वाईट," मी म्हटलं. "माह्यानं पाहवत नव्हतं."

मग तो रडला, भरल्या बसमध्ये, लोक बघत असताना. मी त्याचा हात धरला तो उमरेड येईपर्यंत सोडला नाही.