सवतीला लागलेली अळी

माझ्या मनकर्णामावशीच्या पायाला भिंगरी होती. जेवायला बसली तरी मध्ये दोनदा उठायची, एकदा चुलीकडे आणि एकदा उगीचच दाराकडे. आई सांगायची की हिला बोहल्यावर उभी केली तेव्हा मंगलाष्टकं संपेपर्यंत ही टिकते का नाही, याचाच सगळ्यांना घोर लागला होता. अशा बाईला नवरा मिळाला तो तोंडाला कुलूप घातलेला. वर दोन बायका वारलेला.

मावशी पुणतांब्याची, गोदावरीकाठची. दाराशी पाट, पाटापलीकडे ऊस. तिथून उचलून तिला दिली कुठे, तर पाथर्डीच्या पलीकडे, जिथे माळावर दगडाला दगड विचारतो की बाबा पाणी कुठे मिळेल. सन एकाहत्तरचा उन्हाळा होता. माझ्या आजोबांवर आजही माझा राग आहे, पण ते आता ऐकायला नाहीत. त्यांचं म्हणणं एवढंच, की रंभाजी निर्व्यसनी आहे आणि घरात खाणारी तोंडं कमी आहेत. कमी का आहेत ते मात्र त्यांनी मनावर घेतलं नाही. त्याची पहिली बायको बाळंतपणात गेली होती, दुसरी काविळीनं.

आमच्याकडे एक समजूत होती. ज्याच्या दोन बायका गेल्या त्याची तिसरीही जगत नाही. म्हणून शहाण्या लोकांनी तोड काढली होती, की तिसरं लग्न रुईच्या झाडाशी लावायचं आणि माणसातली बायको चौथी धरायची. रंभाजीकाकांचंही तसंच झालं. गावाबाहेर माळावर मारुतीचं देऊळ होतं, त्यामागच्या रुईला हळद लावली, काळी पोत बांधली, अक्षता टाकल्या. मग दोन दिवसांनी पुणतांब्याला येऊन मावशीशी लग्न लावलं. गावातल्या बाया मावशीला आल्या आल्या विचारत्या झाल्या, "सवत पाहिली का गं?" मावशी हसली आणि दुसऱ्याच दिवशी पाहून आली. चांगली कमरेइतकी, जाड पानांची, माजलेली सवत होती म्हणे.

हसणं तिथंच संपलं. रंभाजीकाका तिच्याशी बोलेचनात. भाकरी हातातून घेत नसत, ताट खाली ठेवून ती बाजूला झाली की ओढून घेत. झोपायला शेतातल्या छपरात. काही विचारलं तर "हं", नाहीतर "न्हाई". मावशी दिवसभर घरातून अंगणात आणि अंगणातून घरात. आपलं काय चुकलं ते तिला कळेना. सासू राहीबाई वाईट नव्हती, पण तिनंही दोन सुनांची मढी पाहिली होती, त्यामुळे या नव्या सुनेला जीव लावायला तिचं मन धजत नव्हतं.

त्या वर्षी पाऊस बेताचाच झाला, पण बाजरी उगवून आली. श्रावणातल्या एका शनिवारी राहीबाई मारुतीला तेल घालायला गेली ती पांढरीफटक होऊन परतली.

"रुई खाल्ली," ती म्हणाली. "नुस्ते दांडे ऱ्हायल्यात. केसाळ अळ्या हायेत अंगभर."

"बाजरीवर येत्यात त्या आसतील, आत्याबाई," मावशी म्हणाली. अशा अळ्या ऐन पिकात येतात हे तिनं शेजारणीकडून ऐकलं होतं.

"माळाला कुठं हाय बाजरी? आन रुई कोन खातं? शेळी तोंड लावत न्हाई तिला. ही अळी न्हवं. ज्यानं माज्या दोन सुना खाल्ल्या, त्यानं आता तिसरी खाल्ली. पोट भरलं नसंल तर घरात येनार."

चौथी कोण, हे सांगायची गरज नव्हती.

भीती वाटली की माणसं बसतात, मावशी उठली. तडक माळावर गेली. रुईचं काही शिल्लक नव्हतं, दांड्यांवर तांबूस केसांच्या अळ्या वळवळत होत्या. बघताना अंगाला खाज सुटली. आता सुरवंट सगळे सारखेच दिसतात, त्यातला बाजरीवरचा कोणता आणि यमानं धाडलेला कोणता हे कसं ओळखावं? पण पुणतांब्याच्या घरी लिंबाच्या झाडावरची हिरवी अळी आधी सुकल्यासारखी होते आणि मग तिचं फुलपाखरू होतं, हे मावशीनं लहानपणी पाहिलं होतं. अळी लपून राहील, फुलपाखरू काही लपणार नाही. तिनं पदरात चार अळ्या घेतल्या, घरी आणून मातीनं अर्ध्या भरलेल्या गाडग्यात सोडल्या, वर रुईच्या दांड्यांचे तुकडे टाकले आणि फडकं बांधलं. मानेला आठवडाभर चट्टे होते.

अळ्या मातीत गेल्या त्या गेल्याच. दसरा झाला, दिवाळी झाली. गाडगं उतरंडीच्या कोपऱ्यात तसंच. मावशी दिवसातून कितीदा तरी फडकं सोडून बघायची. राहीबाई चिडायची, "घरात आनलीस ती पीडा, वर झाकून ठिवतीस?" पण गाडगं फेकायला तिचाही हात होईना. न जाणो, फेकलं तर काय व्हायचं.

दिवाळीनंतर ऊसतोडीच्या टोळ्या निघाल्या. ऊसतोडीला नवरा-बायकोची जोडी लागते, एकानं तोडायचं आणि एकानं मोळ्या बांधायच्या. रंभाजीकाका चुलतभावाला घेऊन गेले. बायको घरी असताना पुरुषाची जोडी लावून गेलेला माणूस गावात तेवढाच. मावशी मला सांगायची, "त्या दिशी मला वाटलं, खरंच खायला येऊ दे कोन येतंय ते."

बहात्तरचा उन्हाळा ज्यांनी पाहिला त्यांना मी काय सांगणार. आडात उतरून वाटीनं हंडा भरायचा. काका ऊसतोडीवरून परतले आणि घरातली सगळी दुष्काळी कामावर खडी फोडायला जाऊ लागली. काका पुरुषांच्या टोकाला बसायचे, मावशीकडे पाठ करून. ज्येष्ठ कोरडा गेला. आषाढ लागला तरी आभाळात ढगाचा तुकडा नाही.

मग एक दिवस राहीबाईनं मुलाला सांगितलं, "रंभाजी, हिला पुनतांब्याला सोडून ये. वरीस भरलं. पावसाबरुबर ते पुन्ना आलं तर? पोरगी तिच्या बापाकडं तरी जित्ती ऱ्हाईल."

काका म्हणाले, "हं."

मावशी दाराआड उभी होती. शिवी दिली असती तरी तिला इतकं लागलं नसतं. ती आत गेली आणि तिच्या वाटणीचं पाणी होतं तांब्यात, ते सगळं गाडग्यात ओतलं. पाऊस नाही तर पाऊस समज, आणि निघ बाहेर. दुसऱ्या दिवशीही ओतलं, तिसऱ्याही. खडीवर घशाला कोरड पडून तिला भोवळ आली, तरी ती सांगेना का आली ते. राहीबाईला कळलं तेव्हा तिनं कपाळ बडवलं. "मानसाला पानी न्हाई आन ही मातीला पाजतीय."

पुणतांब्याला निघायच्या आदल्या दिवशी, दिवेलागणीच्या वेळी फडक्याखाली फडफड झाली. मावशीनं गाठ सोडली. आतून एक पाखरू निघालं, काठावर बसून पंख सुकवून मग कंदिलाकडे झेपावलं. पांढरे पंख, वरच्या कडेला लाल रेघ, मागच्या पंखांवर काळे ठिपके.

राहीबाई पुढे झाली. तिनं नीट पाहिलं.

"ही तर आपली पाकुळी," ती म्हणाली. "पावसाबरुबर दर साली दिव्यावर येती. हिच्याच तर अळ्या बाजरी खात्यात."

"मग ही पीडा न्हाई ना, आत्याबाई?"

"न्हाई गं माय. न्हाई."

म्हातारी रडायलाच लागली. मावशीचेही डोळे भरले होते, पण तिची नजर नवऱ्यावर होती. काका दारात उभे होते. त्यांना नवल वाटलेलं दिसेना. पाखराकडे त्यांनी धड बघितलंही नव्हतं.

मावशी उठली. "तुमाला ठाव हुतं," ती म्हणाली. "बाजरी खाली वढ्याला, रुई वर माळाला. मधी सगळा खडक. अळ्या चालत गेल्या व्हय?"

काका जायला वळले.

"बोला. उद्या मी जानारच हाय."

"मीच नेल्या," काका म्हणाले. एवढं लांब वाक्य तिनं त्यांच्या तोंडून पहिल्यांदाच ऐकलं. "फडक्यात बांधून. तिसरी मरती म्हनत्यात. मंग तिनं मराया नगं का? मी रोज बघायला जायचो. ती वाळंना. म्हनून अळ्या सोडल्या. खाऊन फडशा पाडला त्यांनी, पन म्हैना न्हाई झाला तर पुन्ना फुटली. आता समदा माळ जळालाय आन ती तेवढी हिरवी हाय."

"आन ती मरस्तवर माज्याशी बोलायचं न्हाई?"



"पैल्या दोगींशी लई बोललो हुतो," काका म्हणाले.

मावशीला ही गोष्ट सांगताना इथं नेहमी थांबावं लागायचं. मग ती पदरानं नाक पुसायची. त्या संध्याकाळी ती काय म्हणाली, ते मी तिला अनेकदा विचारलं. ती म्हणे, "काय म्हनायचं? म्हनलं, बसा हितं आन बोला. मरायचं आसंल तर ऐकून मरंन." राहीबाई देवळात जाते म्हणून उठून गेली. पुणतांब्याची पिशवी खुंटीवरच राहिली. दुसऱ्या दिवशी काका खडीवर बायकांच्या टोकाला, मावशीच्या शेजारी येऊन बसले. लोक हसले.

"मग काय बोलले काका?" मी विचारायची.

"आगं, काय न्हाई बोलले ते विचार," मावशी म्हणायची. "लई बडबड्या निघाला मानूस. जलमभर माजं डोकं खाल्लं. शेवटच्या दुखन्यात दाक्तर म्हनला, बोलू नका, तर त्यालाच घेऊन बसले. आता घरात इतकं गप गप वाटतं, की कुठं बसावं तेच कळत न्हाई."