सुट्टीच्या दिवसाची हजेरी

पावसाची सुट्टी आता बंद झाली आहे. शाळा बंद असते, पण सुट्टी नसते. आदल्या संध्याकाळी पालकांच्या ग्रुपवर संदेश येतो: उद्या रेड अलर्टमुळे शाळा बंद, वर्ग ऑनलाइन, हजेरी सक्तीची, कॅमेरा सुरू ठेवावा. खाली पालकांचे जोडलेले हात आणि अंगठे. आमच्या दोन खोल्यांच्या घरात मग एकच प्रश्न उरतो: फोन कोणाचा.

माझ्या लहानपणी फोनचा प्रश्नच नव्हता. आम्ही भिजत शाळेपर्यंत जायचो आणि फाटकातच शिपाई सांगायचा, "जा, सुट्टी आहे." त्या तीन शब्दांनी सगळी मुलं एका क्षणात सारखी व्हायची. कारमधून आलेला आणि चिखल तुडवत आलेली, दोघांच्याही वाटचा तो दिवस सारखाच रिकामा असायचा. त्या दिवशी कोणी कोणाच्या पुढे जात नव्हतं. मला आजही सुट्टीची याहून चांगली व्याख्या सापडलेली नाही.

आणि नाशिकच्या पोरांना पावसाची सुट्टी म्हणजे पूर बघायला जाणं. सातपूरहून सिटी बस पकडायची आणि पुलावरच्या गर्दीत घुसायचं. गंगापूर धरणातून पाणी सोडलं की निम्मं शहर नदीवर लोटतं. पाणी किती आलं हे इथे कोणी फुटात सांगत नाही, पात्रात उभ्या असलेल्या दुतोंड्या मारुतीवरून सांगतात. गुडघ्याला आलं, कमरेला लागलं, छातीला लागलं. छातीला लागलं की दुकानदार माल वरच्या फळीवर चढवायला लागतात. सहावीत असताना एका सुट्टीला मी मैत्रिणींबरोबर तिथे गेले आणि तपकिरी पाणी मारुतीच्या कमरेला घासून जाताना पाहिलं. इतकं मोठं काहीतरी माझ्या परवानगीशिवाय चाललं आहे, हे मला तेव्हा पहिल्यांदा कळलं. शाळेने मला तसलं काही शिकवलं नाही.

आई सातपूरच्या एका कारखान्यात पॅकिंगला होती, अजूनही आहे. मी पुराला गेले त्या दिवशी शाळेला सुट्टी झाल्याचं तिला दुपारी शेजारच्या मशीनवरच्या बाईकडून कळलं. सुपरवायझरने सोडलं नाही. संध्याकाळी ती आली तेव्हा मी घरात होते, कोरडी होऊन. तिने मला मारलं नाही. डबा हातात तसाच धरून ती उंबऱ्यावर बसली. पप्पा तेव्हा एवढंच म्हणाले की लाल इशारा शाळेला असतो, कंपनीला नसतो.

पप्पा एका इंजिनिअरिंग कंपनीत आहेत आणि युनियनचं काम करतात. आमच्या घरात भाकरीच्या डब्याखाली, कपाटाच्या फळ्यांवर, चपलांच्या कोपऱ्यात सगळीकडे उरलेली पत्रकं असायची. अक्षरओळख मला अंकलिपीने झाली, पण वाक्य वाचायला मी 'कामगार बंधूंनो' पासून शिकले. अन्याय झाला तर त्याचा एक कागद काढायचा आणि फाटकावर उभं राहून वाटायचा, हे मला दात घासण्याइतकं साधं वाटत आलं आहे.

लॉकडाउनमध्ये माझी धाकटी बहीण प्राथमिक शाळेत होती. तेव्हा शाळा फोनवर आली आणि शाळाचालकांना एक शोध लागला: इमारत बंद ठेवूनही शाळा चालवता येते. साथ गेली, शोध राहिला. बहीण आता नववीत आहे, एका खासगी शाळेत. तेव्हापासून तिच्या वर्गाने पावसाची सुट्टी पाहिलेलीच नाही.

गेल्या पावसाळ्यात तिच्या शाळेत विज्ञान प्रदर्शनासाठी निवड होती. निवडलेली मॉडेलं सिन्नरच्या एका शाळेत भरणाऱ्या प्रदर्शनात जाणार होती, तिथून पुढे जिल्ह्याला. बहिणीला यात जायचंच होतं. ती फारशी बोलणारी मुलगी नाही. वर्गात हात वर करत नाही. पण तिने जुलैपासून त्याच एका गोष्टीवर काम केलं होतं. पारदर्शक बरणीत तिने शाडूचा दुतोंड्या मारुती बसवला, त्याला शेंदरी रंग दिला, पाण्यात विरघळू नये म्हणून वर वॉर्निशचे हात मारले. पाठीमागून बारीक तारा वर नेल्या, तिथून बाहेरून खाली, बरणीच्या तळाला बसवलेल्या सेलपर्यंत. बरणीत पाणी ओतत गेलं की गुडघ्याला हिरवा दिवा लागायचा, कमरेला पिवळा, छातीला लाल आणि सोबत बझर. सारं शहर ज्या मारुतीकडे बघून पूर मोजतं, त्याला तिने बोलतं केलं होतं. पप्पांनी पहिल्यांदा बझर ऐकला तेव्हा ते म्हणाले, "हे धरणाच्या साहेबांना दाखवलं पाहिजे." ती लाजून तार खोचत राहिली.

शाळेची सूचना होती की मॉडेल आदल्या दिवशी प्रयोगशाळेत जमा करावं. बस आणि रिक्षाने येणाऱ्या मुलांनी ती पाळली, कारण आम्हाला सोय लागली की लगेच साधून घ्यावी लागते. पप्पांची शिफ्ट दुपारची होती. सकाळी ते तिला मोटारसायकलवर घेऊन गेले, ती मागे बरणी पोटाशी धरून. ज्यांच्याकडे गाड्या होत्या त्यांनी ठरवलं, उद्या ऐन वेळी नेऊ, उगाच रात्रभर शाळेत कशाला. संध्याकाळी रेड अलर्टचा संदेश आला. खाली एक ओळ जास्त होती: निवड ठरल्याप्रमाणे ऑनलाइन होईल.

दुसऱ्या दिवशी ऊन पडलं. अलर्टच्या दिवशी आमच्याकडे बऱ्याचदा असंच होतं. लोकांनी गच्चीवर गोधड्या वाळत घातल्या होत्या. बहिणीने विज्ञानाच्या बाईंना फोनवर विचारलं की मी शाळेत जाऊन मॉडेल आणू का, दहा मिनिटांचा रस्ता आहे. बाई म्हणाल्या की मुलांच्या सुरक्षेसाठी शाळा बंद आहे, कोणी येऊ नये. ज्यांची मॉडेलं घरी आहेत त्यांनी कॅमेऱ्यासमोर दाखवावीत, बाकीच्यांनी तोंडी सांगावं.

मी माझा फोन तिला देऊन, पप्पांचा खिशात टाकून, स्कूटर काढून शाळेत गेले. ऑफिस उघडं होतं, कारण कर्मचाऱ्यांना यावंच लागतं. शिपाई मला प्रयोगशाळेच्या खिडकीपर्यंत घेऊन गेला, पण कुलपाची किल्ली बाईंकडे होती आणि बाई घरून वर्ग घेत होत्या.

"ताई, मी कुलूप तोडू का?" तो म्हणाला. "उद्या तुम्ही मला नोकरी देणार का?"

खिडकीतून मारुती दिसत होता. पप्पांच्या फोनने काचेबाहेरून फोटो काढला तर त्यात माझंच तोंड आणि मागचं ऊन आलं. पुन्हा काढला, तोच. तरी मी तो बहिणीला पाठवला.

घरी परतले तेव्हा तिचा नंबर होऊन गेला होता. काय झालं ते तिने जेवताना तुटक तुटक सांगितलं. तिने पाणी कसं चढतं ते हाताने दाखवलं. गुडघा, कमर, छाती. कोणीतरी माइक चालू ठेवून हसलं. बाईंनी "छान आहे, पण दिसत नाही ना बाळा," म्हणून पुढचं नाव घेतलं. पुढच्या मुलाकडे रस्त्यावरचे आपोआप लागणारे दिवे होते, विकत मिळणाऱ्या किटमधले. ते दिसले. त्याची निवड झाली. मी त्या मुलाला दोष देत नाही. त्याच्या घरी त्याचं मॉडेल होतं, एवढाच त्याचा गुण आणि एवढाच त्याचा अपराध. जुन्या पद्धतीची सुट्टी असती तर निवड एक दिवस पुढे गेली असती. दुसरं काहीही घडलं नसतं.

मी पत्रक लिहिलं. त्यात ज्यांची मॉडेलं शाळेत अडकली त्या सगळ्यांची निवड पुन्हा घ्या, अशी मागणी केली, आणि त्याखाली पावसाची सुट्टी पूर्ण सुट्टी असावी अशीही. पप्पांनी ते चष्मा कपाळावर सरकवून वाचलं आणि पेनाने दुसरी मागणी खोडली.

"मागणी एकच ठेव. दोन ठेवल्या की व्यवस्थापन सोपी तेवढी उचलतं."

मी एकच ठेवली. शाळा सुटताना फाटकावर उभी राहून पत्रकं वाटली. एका आईने त्यात पोराचा ओला डबा गुंडाळला. दोघी-तिघी थांबल्या, त्यांच्या मुलांचीही मॉडेलं शाळेत अडकली होती, पण सही करताना त्यांनी इकडेतिकडे पाहिलं. बहिणीने घरी मला फक्त एवढंच विचारलं की पत्रकात तिचं नाव आहे का. नाही म्हटल्यावर ती म्हणाली, "मग ठीक आहे. मला अजून तिथेच शिकायचंय."

त्या शनिवारी पालकसभा झाली. आई आली, सुट्टी घेऊन नव्हे, शिफ्ट बदलून. मुख्याध्यापिकांनी माझ्या पत्रकाची भाषा फार सुंदर असल्याचं सांगितलं. अशा कौतुकानंतर काय येतं हे मला घरच्या अनुभवाने माहीत होतं. मग त्या म्हणाल्या की मूळ प्रश्न निवडीचा नसून रेड अलर्टच्या दिवशी ऑनलाइन वर्ग असावेत की नसावेत हा आहे, तेव्हा ते पालकांनीच ठरवावं. मी उठून सांगितलं की मूळ प्रश्न हा नाही. त्यांनी मान डोलावली आणि ज्यांना वर्ग हवेत त्यांना हात वर करायला सांगितलं.

हात वर जायला लागले. पुढच्या रांगेतल्या साड्या, मागच्या रांगेतले कंपनीचे गणवेश. मग माझ्या शेजारी बसलेल्या आईचा हात उठला. आधी खांद्यापर्यंत, मग पूर्ण. ती समोर बघत होती.

पालकांचा कौल स्पष्ट आहे, मुख्याध्यापिका म्हणाल्या, पालकांनाच वर्ग हवेत तर त्या दिवशी वर्गात झालेली निवड चुकीची कशी म्हणता येईल. टाळ्या नाही वाजल्या. खुर्च्या सरकवल्याचा आवाज झाला आणि विषय संपला.

परत येताना आई बसमध्ये खिडकीशी बसली. आधी तीच बोलली.

"तू पुराला गेली होतीस ना, त्या दिवसापासून मला सुट्टी म्हणली की पूरच दिसतो. क्लास असला की फोनवर कळतं, पोरगी घरात हाय."

"आई, त्या हाताने तिची निवड गेली."

"कळलं मला ते," ती म्हणाली. "हात वर करतानाच कळलं. पण खोटं कसं करू? मला पायजे तो क्लास."

मी त्यावर रात्रीपर्यंत चिडलेली होते, आजही आहे, पण आईवर नाही. ज्या कारखान्याने तिला त्या दिवशी दुपारी सोडलं नाही, त्याला आजवर कोणी हात वर करून विचारलेलं नाही. आईला पोरीच्या जिवाची खात्री हवी होती आणि ती तिला हजेरीतून मिळत होती. तिच्या भीतीची किंमत बहिणीने मोजली. मुख्याध्यापिकांना हे माहीत होतं असं मला वाटत नाही. त्यांना फक्त एवढं माहीत होतं की हात मोजले की माणसांना काय म्हणायचं आहे ते ऐकावं लागत नाही.

सिन्नरचं प्रदर्शन होऊन गेल्यावर मी बहिणीबरोबर मॉडेल आणायला गेले. त्या दिवशी सकाळपासून कोसळत होतं, पण अलर्ट नव्हता, म्हणून शाळा भरली होती. विज्ञानाच्या बाईंनी मारुती प्रयोगशाळेतल्या काचेच्या कपाटात दर्शनी मांडून ठेवला होता. त्या मनापासून म्हणाल्या की इतकं सुरेख मॉडेल आहे, शाळेतच राहू दे, ॲडमिशनला पालक येतात त्यांना दाखवता येईल.

बहीण म्हणाली, "नाही बाई. मी घेऊन जाते."

त्या पहिल्यांदाच तिच्याकडे नीट बघत असाव्यात. किल्ली त्यांच्या पर्समध्येच होती.

घरी आल्यावर पप्पांनी बरणी टेबलावर ठेवायला लावली, तांब्याभर पाणी आणलं आणि सगळे खुर्च्यांवर बसलो. आईसुद्धा कणीक मळायची सोडून येऊन बसली. बहिणीने तांब्या हातात घेतला, थोडा वेळ धरला आणि खाली ठेवला.

"आता कशाला," ती म्हणाली.

मग तिने बरणी उलटी करून तळाचं झाकण काढलं. तिथले दोन सेल काढले, कपड्याला पुसले आणि टीव्हीच्या रिमोटमध्ये बसवले. रिमोटमधले बरेच दिवस संपलेले होते आणि नवे आणायचे राहून गेले होते. टीव्ही लागला. आईने तिला आवाज कमी करायला सांगितलं, आणि तिने केला.