संगैयाचं एक वाक्य

तमिळनाडूतल्या आंडिपट्टीत संगैयाला नावाने कुणी हाक मारत नसे. वीसेक वर्षांपूर्वी गावात एका विनोदी सिनेमाचं शूटिंग झालं, तेव्हा गवंडी बनून त्याने एका भिंतीला पाठ लावली आणि म्हटलं, "मी आहे ना, काळजी कशाला?" लगेच भिंत कोसळली. सिनेमा लोक विसरले. वाक्य मात्र त्याच्या मानगुटीवर बसलं, तेच त्याचं नाव झालं. बस चुकली, दूध नासलं, पोरगं नापास झालं की कुणीतरी ते म्हणायचंच. संगैयालाही मौज वाटे. चहाच्या टपरीवर गिऱ्हाइकांना तो हौसेने म्हणून दाखवी.

गेल्या वर्षी धाकट्या बहिणीचा, विरुमायीचा नवरा गेला. प्रेताशेजारी ती ऊर बडवत होती. संगैयाने तिला जवळ घेतलं आणि अगदी पोटातून बोलून गेला, "मी आहे ना, काळजी कशाला?" आधी अंत्ययात्रेसाठी आलेला ढोलवाला फिसकन हसला, मग सगळा मांडव. त्या दिवसापासून विरुमायी भावाशी बोलली नव्हती.

आज तिच्या लेकीचे, याळिनीचे कान टोचायचे होते. पोरीने बसायचं ते मामाच्याच मांडीवर, दुसरी मांडी चालत नाही. म्हणून बोलावणं आलं, तेही शेजारणीच्या तोंडून. कुलदैवताच्या आवारात संगैयाला सकाळपासून चैन नव्हतं. कमरेची वेष्टी, म्हणजे लुंगी, सोडायचा, पुन्हा बांधायचा, विहिरीपर्यंत जाऊन परत यायचा.

"काय मच्चान, आज होऊन जाऊ दे," नात्यातल्या एका मेहुण्याने छेडलं.

"तोंड शिवून आलोय," संगैया म्हणाला.

सोनाराने तार पुढे केली आणि याळिनीने असा हंबरडा फोडला की बायकांनी कानांवर हात ठेवले. ती मांडीवरून निसटू पाहत होती. तिला धीर द्यायचा, तर मेलं तेच एक वाक्य ओठांवर येत होतं. संगैयाने दात आवळले.

"अण्णा, गप्प काय बसलास? सांग की तिला," विरुमायी म्हणाली.

"काय सांगू?"

"तुला ठाऊक आहे."

चाचरत त्याने पोरीच्या कानाशी ते म्हटलं. जवळच्यांनी ऐकलं आणि हशा उसळला. कशाला हसतात हे बघायला याळिनी वळली, तेवढ्यात सोनाराने डाव साधला. विरुमायीही पदरात तोंड खुपसून हसत होती, हसता हसता रडू लागली.

पोरीला त्याच्या मांडीवरून उचलताना ती हळूच म्हणाली, "या वेळी भिंत पडू देऊ नकोस, अण्णा."