दवाखान्यातले अर्धे

जनावरांच्या सरकारी दवाखान्यात सगळे त्यांना अर्धे म्हणत. ते त्यांचं आडनाव नव्हे. नेमणूक अर्धवेळ, म्हणून जुन्या कंपाउंडरने गमतीने नाव ठेवलं आणि ते चिकटलं. सासुरवाडीला गेले की मेहुणाही म्हणायचा, "या, अर्धे जावई!" सगळ्यांबरोबर तेही हसायचे. चिडायचं त्राण कुणाला होतं?

कागदावर काम सकाळपुरतं. गोठा झाडायचा, शेण उचलायचं, हौद भरायचा आणि घर गाठायचं. पण जनावरं काही वेळ बघून आजारी पडत नाहीत. दुपारी कुणी लंगडी गाय आणायचं, संध्याकाळी कुणी पोट फुगलेली शेळी. शिंगं धरायला, पाय बांधायला माणूस लागायचाच, आणि शिपायाची जागा कित्येक वर्षं रिकामी. अर्ध्यांचे केस पिकले, मुलगी सासरी गेली, तरी ते अर्धवेळच राहिले.

शेवटी इतर दवाखान्यांतल्या अर्धवेळवाल्यांबरोबर तेही कोर्टात गेले. आम्हाला कायम करा, एवढंच मागणं. मग तारखा सुरू झाल्या.

"तारीखच देतात, की दुसरंही काही देतात तिथे?" बायको शिलाई मशीनवरून मान वर न करता विचारायची.

खात्याने कोर्टात लेखी उत्तर दिलं: हा माणूस सकाळी तीन तास काम करतो, नंतर त्याची गरज नसते. खाली सही दवाखान्याच्या डॉक्टरांची.

डॉक्टर तसे वाईट नव्हते. स्वतःच म्हणाले, "मजकूर वरून आला होता, अर्धे. मी नुसती सही केली."

"पण सही तुमचीच ना, साहेब?"

डॉक्टर औषधांच्या कपाटाकडे वळले. दुसऱ्या दिवसापासून मात्र झाडलोट संपली रे संपली की ते सांगू लागले, "घरी जा आता. तुम्ही इथे दिसलात तर मी अडकेन."

घरी करमेना. मग अर्धे फाटकासमोरच्या चहाच्या टपरीवर बसू लागले. आत एखादं जनावर ओरडलं की पाय आपोआप उठायचे. मनाला आवर घालून ते पुन्हा बसायचे.

एका दुपारी अडलेली गाय आली. वासरू पोटात आडवं, मालक रडकुंडीला आलेला. थोड्या वेळाने डॉक्टर स्वतःच फाटकाबाहेर आले. हात कोपरापर्यंत रक्ताने माखलेले.

"अर्धे, चला हो. एकट्याच्याने होत नाहीये."

त्यांची केस लढवणाऱ्या वकीलबाईंनी बजावलं होतं, वेळेबाहेर बोलावलं तर लिहून घ्या. अर्ध्यांनी तोंड उघडलं, "साहेब, तेवढं लिहून..." तेवढ्यात आत गाय हंबरली. ते बाह्या सरसावत आत गेले.

मालकाने मान धरली, दोघांनी दोर ओढला. वासरू जिवंत निघालं. हात धुताना अर्ध्यांनी विचारलं, "हे कोर्टात सांगाल?"

डॉक्टर बराच वेळ साबण चोळत राहिले. "मी बदली मागितलीय," ते म्हणाले. "दोन्हीकडून माझीच मान अडकते हो."

आणि ते खरंच गेले. नव्या डॉक्टरांना मागचं काहीच माहीत नव्हतं.

कोर्टात उभा राहिला तो गाईचा मालक. तो आणखी चार-पाच जणांना घेऊन आला होता. सरकारी वकिलांनी त्याला खोदून विचारलं तसा तो वैतागला. "अहो, मी जेव्हा जेव्हा दुपारी जनावर नेलं, तेव्हा यांनीच धरलं. आता काय गाईची साक्ष काढू?" न्यायाधीशही हसले.

निकाल लागला तेव्हा अर्ध्यांची निवृत्ती तोंडावर आली होती. कायम केलं, पण हुकमाच्या तारखेपासून. मागची सगळी वर्षं पगार-पेन्शनच्या हिशेबात नाहीत. वकीलबाई म्हणाल्या, "त्यासाठी वरच्या कोर्टात जाता येईल."

"नको, ताई," अर्धे म्हणाले. "पुन्हा जिने चढणं नको."

घरी बायकोने मशीन थांबवलं. हुकूम दोनदा वाचला. तिचे डोळे भरून आले, मग रागही आला, आणि कुणावर काढावा ते कळेना.

"पोरीला फोन करू?"

"कर," अर्धे भिंतीला टेकत म्हणाले. "मला जरा पडू दे."

ती फोनवर बोलत होती तोवर त्यांना झोप लागली.