सारवणावरचं डांबर

परवा रस्त्यावर डांबराचा धूर नाकात गेला आणि तेलंगणातल्या जैनथला मावशीच्या गच्चीवर झालेलं ते महायुद्ध आठवलं. माझी मावशी रिटायर मास्तरीण, घरात एकटीच. गळकी गच्ची तासून डांबराचे तीन थर दिले म्हणत शहरातल्या कंपनीने तिला चौपट बिल लावलं होतं. ती ग्राहक कोर्टात गेली आणि कोर्टाचा इंजिनीअर पाहणीला आला, तेव्हा मीही गच्चीवर होतो. कंपनीचा माणूस हसून म्हणाला, "अम्माजी को कुछ याद नहीं रहता, साब." मावशीने सब्बल, म्हणजे लोखंडी पहार, उचलली. "थांब, तुले याद करून देते," म्हणत तिने गच्चीवर असा घाव घातला की पैनगंगेपल्याड महाराष्ट्रातली कबुतरं उडाली. डांबराचा पापुद्रा उलटला आणि खाली निघालं शेण. ज्वारी वाळवायला आम्ही गच्ची सारवतो. या बहाद्दरांनी सारवणावरच डांबर फासलं होतं. मावशीने शेण चिकटलेला डांबराचा तुकडा उचलला, तर तो पुरावा हिसकायला कंपनीच्या माणसाने तिचा हात असा पिरगाळला की बांगड्या फुटून मांसात घुसल्या. मी त्याचं डोकं पाण्याच्या टाकीवर आपटलं, त्याने माझा दात पाडला, आणि रक्ताळल्या मुठीतला तुकडा मावशीने शेवटी इंजिनीअरच्याच हातात दिला. त्याने विचारलं, "पहिला हात कोणी टाकला?" मी म्हणालो, "यानं." जिन्यात जमलेल्यांतला एक शेजारी म्हणाला, "साहेब, या भाऊनं मागच्या साली वाघबी बुक्कीनं मारला होता." सारी गल्ली हसली. मावशी केस जिंकली. कंपनीच्या माणसाने ठोकलेल्या मारहाणीच्या केसमध्ये मी मात्र अजून तारखांना जातो, आणि जन्मात एकदाच न वाढवता सांगितलेली गोष्ट जजसाहेबांना पटवून राह्यलो.